दारिद्र्यरेषेच्या गावात

यॉर्कमध्ये घर असलं की पाहुण्यांची ददात नसते. लंडन उरकून एडिनबरोला निघालेली पुण्या-मुंबईची मंडळी मध्ये दोन रात्री आमच्याकडे उतरतात. त्यांना दाखवायचा फेरा आता तोंडपाठ झालाय. मिन्स्टर, शॅम्बल्समधली ती एकमेकींवर झुकलेली घरं, तटावरची चक्कर, रेल्वे म्युझियम आणि बेटीज या चहाच्या दुकानाबाहेरची रांग. सोबत मुलं असली तर हॅक्सबी रोडवरून गाडी न्यायची आणि सांगायचं, किटकॅट जन्माला आला तो या कारखान्यात, १९३५ साली. मुलांच्या दृष्टीनं यॉर्कचं महत्त्व तिथंच सिद्ध होतं.

या कारखान्याच्या मालकाच्या घरात त्याआधी आणखी एक गोष्ट जन्मली होती. तिच्यासमोर उभं राहून कुणी सेल्फी काढत नाही. दारिद्र्यरेषा म्हणून जगभर जी गोष्ट ओळखली जाते, तिचा पहिला नीट हिशेब मांडला गेला तो आमच्या या गावात.

सीबोम राउनट्री हा चॉकलेट कारखानदार जोसेफ राउनट्रींचा मुलगा. घराणं ख्रिस्ती धर्मातल्या क्वेकर पंथाचं. दारू नाही, डामडौल नाही आणि कामगारांविषयी वडीलकीची काळजी. तिकडे लंडनमध्ये चार्ल्स बूथनं गल्लीगल्लीचे रंगीत नकाशे करून दाखवलं होतं, की ३० टक्क्यांच्या आसपास लंडनकर दरिद्री आहेत. सीबोमला वाटलं, हे राजधानीचंच दुखणं की आपल्या टुमदार गावातही तेच? १८९९ मध्ये त्याची माणसं वह्या घेऊन कामगारवस्तीत घरोघर फिरली. ११,५६० कुटुंबं, ४६,७५४ माणसं. उत्तर आलं, गावातली २७.८४ टक्के माणसं दारिद्र्यात आहेत. त्या दोन दशांश स्थळांचं मला फार अप्रूप वाटतं. वडिलांच्या कारखान्यात कोकोचा हिशेब ठेवणारा माणूस भुकेचाही हिशेब तितकाच चोख ठेवत होता.

रेषा त्यानं मुद्दाम खाली आखली, अगदी जमिनीला टेकवून. आईबाप आणि तीन मुलं अशा कुटुंबाला आठवड्याला २१ शिलिंग ८ पेन्स. त्यातले १२ शिलिंग ९ पेन्स अन्नाला, ४ शिलिंग भाड्याला आणि उरलेल्या ४ शिलिंग ११ पेन्समध्ये कपडे, कोळसा, दिवाबत्ती, सगळं. अन्न कसलं, तर निराधारांना ठेवून काम करून घेणाऱ्या वर्कहाउसमध्ये मिळायचं त्याहूनही हलकं. खाटकाकडचं मांस त्यात नाहीच. आणि मग तो सांगतो, एवढ्यात भागवायचं असेल तर काय काय करायचं नाही. आगगाडीवर किंवा बसवर एक पेनी घालवायची नाही. अर्ध्या पेनीचं वर्तमानपत्र घ्यायचं नाही. परगावी असलेल्या लेकराला पत्र टाकायचं नाही, कारण तिकिटाला पैसे नाहीत. चर्चला वर्गणी नाही, अडलेल्या शेजाऱ्याला मदत नाही. पोरांना बाहुली नाही, गोट्या नाहीत, गोळ्या नाहीत. बापानं तंबाखू ओढायची नाही, बिअर प्यायची नाही. आईनं हौसेचा कपडा घ्यायचा नाही. आणि सगळ्यात शेवटी, कमावत्या माणसानं एक दिवसही खाडा करायचा नाही.

भारतातून येणारे पाहुणे मला हटकून विचारतात, "फ्रीज आहे, टीव्ही आहे, घरात गालिचा आहे, मग ही कसली गो गरिबी?" तेव्हा मी त्यांना ही यादी वाचून दाखवते. पोट कसंबसं भरलं तरी माणूस शेजारपाजारातून, नात्यागोत्यातून कसा उठतो, ते तिच्यात आहे. आज इथं सर्वसाधारण घराच्या उत्पन्नाच्या ६० टक्क्यांखाली असलेल्याला गरीब धरतात. त्या मापानं ब्रिटनमध्ये सुमारे १ कोटी ४२ लाख माणसं गरीब आहेत, पाचात एकाहून जास्त. राउनट्रीची पट्टी वेगळी होती, त्यामुळे तेव्हाचा आकडा आणि आताचा आकडा शेजारीशेजारी ठेवून वाद घालण्यात अर्थ नाही. पण यादी शेजारी ठेवून बघावी. शाळेच्या सहलीच्या दिवशी मुलाला 'बरं नाही' म्हणून घरी ठेवणारी आई आणि तिकिटाअभावी पत्र न टाकणारी आई यांच्यात सव्वाशे वर्षं आहेत. दुसरं फारसं काही नाही.

पाहुण्यांचा दुसरा प्रश्न जास्त कडू असतो. "आपल्याला लुटून श्रीमंत झाले हे. यांच्या गरिबीचं आपण काय वाईट वाटून घ्यायचं?" यावर माझ्याकडे एक योगायोग आहे. राउनट्रीचं पुस्तक लंडनमध्ये प्रसिद्ध झालं १९०१ साली. त्याच साली, त्याच लंडनमध्ये दारिद्र्यावरचं आणखी एक जाडजूड पुस्तक निघालं. ते होतं आपल्या दादाभाई नौरोजींचं. त्यातला मूळ हिशेब दादाभाईंनी १८७६ मध्येच मुंबईत मांडला होता. हिंदी माणसाचं सरासरी वार्षिक उत्पन्न २० रुपये, आणि तुरुंगातल्या कैद्याच्या अन्नवस्त्रावर सरकारचा खर्च त्याहून जास्त. एकानं मोजलं वर्कहाउसमधलं ताट, दुसऱ्यानं कैद्याचं. दोघांनाही दाखवायचं होतं ते एकच, की राबणाऱ्या माणसाला शिक्षा भोगणाऱ्याइतकंही मिळत नाही. दादाभाईंनी सांगितलेली लूट खरीच होती. पण ती ज्या बंदरांत उतरत होती, तिथून हंगेटच्या झोपडपट्टीपर्यंत येत नव्हती. यॉर्कमधलं हंगेट म्हणजे फॉस नदीकाठची ती ओल धरलेली वस्ती, जिथं कित्येक घरांमागे मिळून एक संडास आणि एक नळ असायचा. साम्राज्यावर सूर्य मावळत नव्हता असं म्हणतात. हंगेटच्या अंगणात तो उगवत असेल की नाही, शंका आहे.

हंगेटची झोपडपट्टी १९३० च्या दशकात पाडली. आज तिथं नदीकाठच्या बाल्कन्या असलेले फ्लॅट आहेत. चॉकलेटच्या जुन्या कारखान्याचेही फ्लॅटच झालेत. यॉर्कमधलं सरासरी घर ३ लाख पौंडांच्या आसपास जातं. पर्यटकांना सांभाळणाऱ्या या गावात हॉटेलांतल्या खोल्या साफ करणाऱ्या, कॅफेत कप विसळणाऱ्या माणसाला ते या जन्मात झेपणारं नाही. थॅचरबाईंनी १९८० मध्ये कौन्सिलची, म्हणजे नगरपालिकेची, घरं भाडेकरूंना स्वस्तात विकायला काढली. विकली गेली तितकी पुन्हा बांधली नाहीत. ज्यांना तेव्हा घर मिळालं त्यांचं भलं झालं, आणि त्यांच्या नातवंडांना त्याच आळीत खासगी मालकाला भाडं भरून राहावं लागतंय.

मी आठवड्यातून एकदा फूडबँकेत हात लावायला जाते. एका चर्चच्या मागचा हॉल, लोखंडी रॅक आणि कायम पेटलेला चहाचा मोठा थर्मास. इथं थेट येऊन शिधा मागता येत नाही. डॉक्टर, समाजसेवक, शाळा, सल्लाकेंद्र अशा कुणाची तरी चिठ्ठी आणावी लागते. चिठ्ठीवर घरातल्या माणसांची संख्या असते, आणि तेवढ्यांचा तीन दिवसांचा शिधा आम्ही पिशव्यांत भरतो. पास्ता, डबाबंद टोमॅटो, बीन्स, ट्यूना, टिकाऊ दूध, चहा, बिस्किटं, सिरिअल. असली तर टॉयलेट रोलची जोडी, सॅनिटरी पॅड, लंगोट.

एक बाई आली होती. कोटाच्या आत सुपरमार्केटचा गणवेश, म्हणजे कामावरून थेट. तिनं पिशवीतले पास्त्याचे पुडे बाहेर काढून टेबलावर ठेवले. "ही राहू दे, लव्ह. दहा मिनिटं उकळावं लागतं." यॉर्कशरमध्ये सगळेच सगळ्यांना लव्ह म्हणतात, बसचा ड्रायव्हरसुद्धा. तिला डब्यातून काढून तसंच खाता येईल असं काही हवं होतं. त्यासाठी आमच्याकडे वेगळी पिशवी असते, तिचं नावच किटली-पार्सल. फक्त किटलीतल्या गरम पाण्यावर होईल असं सगळं. कपातलं सूप, नूडल्स, झटपट ओट्स.

तिच्याकडे चावीचं मीटर होतं. देशातल्या सुमारे ४० लाख घरांत असं आधी पैसे भरायचं मीटर आहे. चावी घेऊन कोपऱ्यावरच्या दुकानात जायचं, "पाच टाका" म्हणायचं, घरी येऊन मीटरमध्ये खुपसायची. पैसे संपले की दिवा जातो. बिल थकत नाही, वीज तोडायला कुणी येत नाही, त्यामुळे सरकारदरबारी हे घर 'वीज तोडलेलं' म्हणून कुठं मोजलंही जात नाही. माणूस स्वतःच स्वतःची तोडतो. तिनं मला गॅसचं गणित समजावलं. उन्हाळ्यात हीटर लागत नाही म्हणून तिनं गॅसच्या मीटरमध्ये पैसेच घातले नाहीत. पण महावितरणच्या बिलात असतो तसा स्थिर आकार इथंही असतो, आणि तो रोज चढत राहतो. ऑक्टोबरात थंडी पडल्यावर तिनं दहा पौंड घातले, तर साचलेल्या आकारानं त्यातला मोठा लचका आधीच तोडला. हीटर लागला तो थोडा वेळ. ती हे चिडून सांगत नव्हती. रेसिपी सांगावी तसं सांगत होती, मला कळलं की नाही हे मध्ये मध्ये बघत.

महिन्याचं बिल बँकेतून वळतं करणाऱ्या आमच्यासारख्या घरांपेक्षा २०२३ च्या उन्हाळ्यापर्यंत या मीटरवाल्यांना दरही जास्त पडायचा. गरिबाला प्रत्येक गोष्ट महाग पडते हे आपल्याकडे पाववाटी तेल आणि रुपयाचा शाम्पू घेणाऱ्याला माहीतच आहे.

ही बाई बेकार नव्हती, हे पुन्हा सांगते, कारण मुद्दा तिथंच आहे. राउनट्रीनं अगदी तळातल्या दारिद्र्याची कारणं मोजली तेव्हा ५१.९६ टक्के लोकांच्या बाबतीत कारण निघालं, घरातला कर्ता नियमित कामावर जातो, पण पगारच पुरत नाही. काम नाही म्हणून दरिद्री असलेले निघाले २.३१ टक्के. आज ब्रिटनमध्ये ४५ लाख मुलं गरीब घरांत आहेत, आणि त्यातल्या ७२ टक्के मुलांच्या घरात कुणी ना कुणी नोकरी करतं. तरीही इथल्या राजकारणाचं एक लाडकं पात्र आहे, झोपाळू शेजारी. अर्थमंत्री जॉर्ज ऑस्बोर्न २०१२ च्या पक्ष अधिवेशनात म्हणाले होते, पहाटे अंधारात कामाला निघणाऱ्या पाळीच्या कामगाराला शेजारच्या घराचे बंद पडदे दिसतात, आत कुणीतरी सरकारी भत्त्यावर झोपलेलं असतं, हा कुठला न्याय? माझा नवरा इस्पितळात रात्रपाळी करून येतो, तेव्हा आमचेही पडदे दुपारपर्यंत बंद असतात. आमच्या आळीत बंद पडद्यांची आणखी दोन घरं आहेत. दोन्हींत रात्री म्हाताऱ्यांची सेवा करणाऱ्या बायका राहतात.

त्या भाषणानंतर एकेक गाठ आवळत गेली. युनिव्हर्सल क्रेडिट आलं, म्हणजे कमी उत्पन्नाच्या घरांसाठीचा एकत्रित सरकारी भत्ता. अर्ज केल्यावर पहिला पैसा हाती पडायला पाच आठवडे. मधल्या काळासाठी उचल मिळते, पण ती पुढच्या हप्त्यांतून कापून घेतात, म्हणजे सुरुवातच कर्जानं. एप्रिल २०१७ पासून जन्मणाऱ्या तिसऱ्या आणि पुढच्या मुलांसाठी त्यातला वाढीव भत्ता बंद केला. बलात्कारातून झालेल्या तिसऱ्या मुलाला सूट होती, मात्र आईनं ते फॉर्म भरून सांगायचं. हा नियम करणारे लोक सुशिक्षित होते, सभ्य होते, मुलांना कुत्र्यासोबत बागेत नेणारे होते. मी त्यांच्याविषयी याहून जास्त लिहीत नाही.

एकदा रॅक लावताना माझा आईशी फोन चालू होता. मराठी ऐकून रांगेतला एक पोरगा दचकला. अंगात स्वस्तातलं जाकीट, पाठीला विद्यापीठाची सॅक. फोन ठेवून मी विचारलं, "कुठला रे तू?"

"पुणे." मग थोड्या वेळानं, "म्हणजे शिकायला पुण्यात होतो. गाव परभणीकडं."

शेतावर कर्ज काढून मास्टर्सला आला होता. सत्र चालू असताना आठवड्याला वीसच तास काम करायची मुभा, आणि तेवढंही मिळत नव्हतं. खोलीचं भाडं भरलं की हातात काही उरत नव्हतं. त्यानं हळूच विचारलं, "काकू, हे व्हिसावर कुठं येत नाही ना?" आमच्यासारख्या बाहेरून आलेल्यांच्या व्हिसावर लिहिलेलंच असतं, की सरकारी मदतीवर तुमचा हक्क नाही. कर भरा, व्हिसाबरोबर इस्पितळाचा अधिभार भरा, पण अडलात तर आमच्याकडे बघू नका. फूडबँक ही लोकांच्या देणगीवर चालते, ती त्यात येत नाही, असं मी त्याला सांगितलं. त्याचा चेहरा थोडा सैल झाला. पिशवी उचलताना म्हणाला, "आपल्या गणपतीला तुम्ही असता का?" असते म्हटलं. त्या वर्षी गणपतीला तो आला नाही.

रेशनच्या दुकानाला आपण कितीही नावं ठेवली, माप मारतात म्हटलं, तांदळात खडे काढले, तरी अन्नसुरक्षा कायद्यानंतर तिथं जाणारी बाई हक्काचं धान्य मागायला जाते. भांडते, तहसीलदाराकडे तक्रार करते. फूडबँकेत कुणी भांडत नाही. सगळे फार आभार मानतात. मला त्या आभारांचा त्रास होतो. पाच पौंडांच्या शिध्यासाठी सत्तरीचा माणूस जेव्हा तीनदा थँक्यू म्हणतो, तेव्हा या श्रीमंत देशानं त्याच्याकडून काय काढून घेतलंय ते कळतं. इथल्या सगळ्यात वरच्या १० टक्के घरांकडे देशातली ४३ टक्के संपत्ती आहे, आणि खालच्या निम्म्या घरांकडे मिळून ९ टक्के. घरपट्टीचंच बघा ना. इंग्लंडमध्ये कौन्सिल टॅक्स आजही घराच्या १९९१ सालच्या किमतीवर ठरतो आणि वरच्या टोकाला त्याला मर्यादा आहे. परिणामी लंडनच्या वेस्टमिन्स्टरमधल्या कोट्यवधींच्या हवेलीला नॉटिंगहॅममधल्या मध्यम घरापेक्षा कमी कर पडतो. हे सगळ्यांना माहीत आहे. बदलायचं म्हटलं की प्रत्येक सरकारच्या पोटात गोळा येतो.

सीबोमचे वडील जोसेफ राउनट्री यांनी १९०४ मध्ये आपल्या मालमत्तेचे तीन ट्रस्ट केले, तेव्हा विश्वस्तांसाठी एक टिपण लिहून ठेवलं. त्यात त्यांनी म्हटलंय, यॉर्कच्या सूप किचनला पैशांची कधीच अडचण येत नाही, पण दारिद्र्य किती आहे आणि का आहे याची चौकशी करायची म्हटली तर तिला फारसा आधार मिळणार नाही. ट्रस्टचा पैसा म्हणून त्यांना कारणांच्या मागे लावायचा होता. त्यांच्या नावाची संस्था आजही यॉर्कमधूनच दर जानेवारीत देशातल्या गरिबीचा जाडजूड अहवाल काढते. वर्तमानपत्रांत तो एक दिवस गाजतो. नाताळाच्या आधी आमच्या फूडबँकेच्या दारात मात्र डब्यांचा ढीग लागतो, शाळांची मुलं रांगेनं येऊन देऊन जातात, आणि शिक्षक फोटो काढतात. म्हाताऱ्या जोसेफचं निरीक्षण इतकं अचूक आहे, की कधीकधी त्यांचा रागच येतो.

हे असंच चालायचं असं म्हणायलाही जागा नाही. सीबोमनं याच गावात तिसरी पाहणी केली १९५० मध्ये. मधल्या काळात कल्याणकारी राज्याचा पाया घालणारा बेव्हरिज अहवाल आला होता, आपल्या बंगालातल्या रंगपूरमध्ये जन्मलेल्या विल्यम बेव्हरिजचा. भत्त्यांचे आकडे ठरवताना सीबोमचाही सल्ला घेतला होता. पेन्शन, मुलांचा भत्ता, १९४८ ची मोफत आरोग्यसेवा, आणि जवळपास सगळ्यांना काम. तिसऱ्या पाहणीत दारिद्र्यात सापडलेली माणसं निघाली १.६६ टक्के. पुढच्या अभ्यासकांनी त्या आकड्यावर शंका घेतल्या, तो वाढवून धरला, तरी घसरण खोटी ठरली नाही. महायुद्धानं पिचलेल्या, रेशनवर जगणाऱ्या, कर्जबाजारी देशानं ते करून दाखवलं होतं. याउलट देशातल्या सगळ्यात मोठ्या फूडबँक संस्थेनं २०१०-११ मध्ये सुमारे ६१ हजार पार्सलं वाटली होती, ती २०२३-२४ मध्ये ३१ लाखांवर गेली. मधल्या वर्षांत ब्रिटनमध्ये ना दुष्काळ पडला, ना महापूर आला.

नोव्हेंबर २०२५ च्या अर्थसंकल्पात तिसऱ्या मुलाचा नियम एप्रिल २०२६ पासून रद्द करायचं ठरलं. हॉलमध्ये त्या दिवशी खरंच टाळ्या पडल्या. पाच आठवड्यांची वाट मात्र तशीच राहिली, आणि एका घराला मिळणाऱ्या एकूण भत्त्यावरची मर्यादाही. म्हणजे पोरं जास्त असलेल्या काही घरांना एका हातानं दिलेलं दुसऱ्या हातानं अडेल.

त्यानंतरच्या बैठकीत आमच्यापुढे विषय होता भाडेकराराचा. हॉलचा करार संपत आला होता. वर्षाचा करायचा की पाच वर्षांचा? पाच वर्षांचा केला तर भाडं बरंच कमी होणार होतं, आणि शीतकपाटासाठी वेगळी वायरिंग करून घेता येणार होती. खजिनदारबाईंनी दोन्हींचा हिशेब कागदावर मांडून आणला होता. आमच्यातले एक आजोबा उभी हयात चॉकलेटच्या कारखान्यात पॅकिंगला होते. ते सहसा बोलत नाहीत, चहाचं बघतात. ते म्हणाले, "पाच वर्षांनी आपण इथं असायचंच, हे आजच ठरवून टाकायचं का?" कुणी उत्तर दिलं नाही. खजिनदारबाई म्हणाल्या, वर्षाला वाचणाऱ्या पैशात एवढी एवढी पार्सलं होतात. मतदान झालं. मीही पाच वर्षांच्या बाजूनं हात वर केला. आजोबांचं एकच मत विरुद्ध पडलं. वायरिंगवाला पुढच्या सोमवारी येणार आहे.